हल्ली मुक्काम

करमाड मागं पडलं की रुळांच्या दोन्ही अंगांना पुन्हा कपाशी सुरू होते. दिवाळी होऊन पंधरा दिवस झाले होते. दुसरी वेचणी चाललेली, बायांच्या ओट्या कापसानं फुगलेल्या, मधल्या तासातली तूर पिवळीधमक फुललेली. समोरच्या बाकड्यावरच्या म्हाताऱ्या गृहस्थांनी मांडीवरची पिशवी सावरली, खिडकीच्या गजातून बोट बाहेर काढलं आणि म्हणाले, “हितंच. हे सटाण्याचं शिवार.”

मी विचारलं नव्हतं. या गाडीनं नेहमी जाणाऱ्यांना बहुतेक सवयच झाली असावी. नवा माणूस दिसला की दाखवायचं. मी पाहिलं. खडी, स्लीपर, बाभळी, एक शेळी. दिसण्यासारखं काही नव्हतं.

7 मे 2020 च्या संध्याकाळी जालन्यातल्या एका पोलाद कारखान्याचे वीस कामगार या वाटेनं पायी निघाले. मध्य प्रदेशातल्या उमरिया आणि शहडोल जिल्ह्यांतली माणसं. भुसावळहून गावाकडची गाडी मिळेल, असं त्यांच्या कानावर आलं होतं. भुसावळ म्हणजे तिथून दीडशे किलोमीटर. टाळेबंदीत गाड्या बंद, रस्त्यावर अडवणूक. मग रूळ हीच सरळ आणि न चुकणारी वाट. रातभर चालून पाय उचलेनात, तेव्हा पहाटे ती इथं टेकली. काही रुळांवरच आडवी झाली. सव्वापाचच्या सुमारास मालगाडी आली. सोळा जण गेले, चौघं वाचले. दुसऱ्या दिवशी सगळ्या देशानं रुळांवर विखुरलेल्या पोळ्यांचा फोटो पाहिला.

मी त्यांच्या उलट दिशेनं चाललो होतो. ते ज्या शहरातून निघाले त्या जालन्यात उतरणार होतो आणि तिथून पुढं त्याच लोहमार्गावरच्या परतूरला. काम साधं होतं. आजोबांच्या नावावरच्या एका प्लॉटला वारसनोंद लावायची होती. आमचे आण्णा, म्हणजे माझे वडील, 2021 मध्ये गेले. ते आजोबांचेच मुलगे, हे सांगणारा कागद हवा होता, आणि तो गावच्या शाळेत मिळेल असं तात्यांनी, माझ्या चुलत्यांनी, फोनवर सांगितलं होतं. पिशवीत अर्जाचा नमुना होता. त्यावर माझ्या नावापुढं दोन रकाने होते: रा. आणि ह. मु.

राहणार आणि हल्ली मुक्काम. लग्नपत्रिका असो, कोर्टाचं समन्स असो की पोलीस पंचनामा, आपल्या भाषेनं माणसाला दोन पत्ते देऊन ठेवलेत. एक खरा आणि एक तात्पुरता. उमरियाची माणसं जालन्यात ‘ह. मु.’ होती. आण्णा पुण्यात 48 वर्षं राहिले, तरी सोयऱ्यांच्या लग्नपत्रिकांत त्यांच्या नावापुढं शेवटपर्यंत ‘ह. मु. पुणे’ असंच छापून यायचं. हल्ली किती वर्षांची असते, हा प्रश्न त्या प्रवासात माझ्या डोक्यात बसला तो उठलाच नाही.

*

जालन्याबद्दल ‘जालना, सोने का पालना’ ही म्हण इथली म्हातारी माणसं अजून सांगतात. सांगताना निम्मा अभिमान असतो आणि निम्मी चेष्टा. कुंडलिका नदीच्या काठचं हे जुनं व्यापारी शहर. इथं पाळण्यात घातलेलं मूल इथलंच असेल असं मात्र कधीच नव्हतं. निजामाच्या राज्यात इंग्रजांची छावणी इथं पडली, तिच्याबरोबर शिपाई आले, खानसामे आले, दुकानदार आले. मारवाडी पेढ्या आल्या. कापूस आला, जिनिंग आलं. 1964 मध्ये बद्रीनारायण बारवाले यांनी इथं महिको काढली आणि शहर बियाण्यांसाठी देशभर ओळखलं जाऊ लागलं; त्याच बारवाल्यांना 1998 मध्ये जागतिक अन्न पुरस्कार मिळाला. मग आलं पोलाद.

रिक्षावाल्याला एमआयडीसी म्हटल्यावर त्यानं विचारलं, “सळईकडं का बियाण्याकडं?” मी सळईकडं म्हणालो.

सळईचं शहर संध्याकाळी पाहावं. दिवसा नुसती धूळ आणि भंगाराचे ट्रक दिसतात. दाबून ठोकळे केलेले पत्रे, मोडक्या सायकली, मोटारींचे सांगाडे, कुण्या गावच्या हापशाचा दांडा. हे सगळं भट्टीत जातं, वितळतं, बिलेट होतं, आणि लालभडक बिलेट रोलिंग मिलमधून पुढं पुढं सरकत सळई होऊन बाहेर पडतं. अंधार पडला की शेडच्या फटींतून तो लाल उजेड रस्त्यावर येतो. पुण्या-मुंबईच्या किती इमारतींच्या पोटात जालन्याची सळई असेल, याचा हिशेब इथला कुठलाही ट्रकवाला तोंडपाठ सांगेल. त्या सळईला ज्यानं चिमट्यानं वळण दिलं, तो बिहारचा, उत्तर प्रदेशचा, ओडिशाचा किंवा मध्य प्रदेशचा असतो. भट्टीपुढची पाळी स्थानिक माणूस सहसा धरत नाही, असं इथं कुणीही सांगतं. का, तेही सांगतं: “लई उष्ण काम हाय, सायेब. आपल्याच्यानं व्हत न्हाई.”

गंमत अशी, की ‘आपलं’ माणूस याहून हलकं काम करायला घरी बसलेलं नसतं. ते त्याच दिवसांत दीडदोनशे कोस लांब, कोल्हापूर-सांगलीकडं नाहीतर कर्नाटकात, उसाच्या फडात वाकलेलं असतं. जालना हा असा जिल्हा आहे: एका दारानं माणसं आत येतात, दुसऱ्या दारानं बाहेर जातात, आणि दोघांची गाठ पडत नाही.

एका चाळीसारख्या खोल्यांच्या ओळीपुढं चहाची टपरी होती. तिथं बिहारमधल्या सिवानकडचा एक माणूस भेटला. पन्नाशीचा, दोन्ही हातांवर भाजल्याचे जुने पांढरे डाग. जालन्यात येऊन त्याला एकोणीस वर्षं झाली होती. मी ज्या प्रश्नानं सुरुवात केली तो बावळटच होता: इथं आपलं वाटतं का? त्यानं थेट उत्तर दिलं नाही. म्हणाला, मुलगा इथंच शाळेत गेला, मराठीतून. घरी भांडण झालं की तो मराठीत भांडतो, आई भोजपुरीत उत्तर देते आणि मी कामावर निघून जातो.

“और लॉकडाऊन में?” मी विचारलं.

तेव्हा कुटुंब गावी होतं, तो एकटा इथं. त्या सोळांना तो ओळखत नव्हता. पण सकाळी बातमी आली तेव्हा वस्तीतल्या प्रत्येकानं आधी आपापल्या खोल्यांत माणसं मोजली. जे चालायला निघायचे होते ते थांबले, आणि जे थांबले होते त्यांची जाण्याची घाई वाढली. पुढं गाड्या सुटल्यावर तोही गेला. जाताना खोलीची चाबी घरमालकिणीकडं ठेवली. परत येईल की नाही याची खात्री नव्हती. पाच महिन्यांनी आला तेव्हा भांडी, गादी, भिंतीवरचा छठमैयाचा फोटो, सगळं जागच्या जागी होतं. बाईनं मधूनमधून खोली उघडून झाडली होती. भाडं माफ केलं का? त्यानं मान हलवली. नाही, निम्मं घेतलं. मग हसून म्हणाला, “लेकिन झाड़ू मारा था.”

एकोणीस वर्षांत त्याचं रेशनकार्ड तिकडचंच, मतदान तिकडचंच. आता एका राज्याचं कार्ड दुसऱ्या राज्यात चालतं, ई-श्रम कार्डही निघालंय, हे त्याला माहीत होतं. महाराष्ट्रात 15 वर्षं राहिलं की अधिवासाचा दाखला मिळू शकतो, हेही. पण त्यासाठी 15 वर्षं राहिल्याचे पुरावे लागतात, आणि पुरावा म्हणजे भाडेकरार, वीजबिल, शाळेचा दाखला. भट्टीपुढं उभं राहून हातावर उठलेला डाग पुरावा म्हणून चालत नाही. मुलाचा शाळेचा दाखला मात्र होता. म्हणजे त्या घरात कागदोपत्री जालन्याचा एकच माणूस होता, आणि तो घरात सगळ्यात लहान होता.

*

रात्री लॉजवर झोप येईना. प्रवासात वाचायला हैतीवरचं एक पुस्तक घेतलं होतं. कुठं हैती आणि कुठं जालना, असं वाटेल. मलाही पुण्यात पिशवी भरताना वाटलं होतं. पण 1803 च्या शरद ऋतूत या दोन्ही मुलखांचं नशीब ठरलं, हा योगायोग आधी लक्षात आला. याच जिल्ह्यातल्या भोकरदन तालुक्यात, असईच्या रणात, 23 सप्टेंबर 1803 ला शिंदे-भोसल्यांच्या फौजेचा वेलस्लीनं पराभव केला. त्यानंतर दोन महिन्यांच्या आत, 18 नोव्हेंबरला, हैतीत वेर्तिएरच्या लढाईत गुलामांनी फ्रेंचांचा पराभव केला आणि 1 जानेवारी 1804 ला स्वतःचं राष्ट्र जाहीर केलं. आपण पारतंत्र्याकडं निघालो आणि ते स्वातंत्र्याकडं.

स्वातंत्र्य मिळालं, पण त्या देशात नागरिक दोन जातींचे झाले. राजधानी पोर्तोप्रिन्समधले, आणि उरलेले. उरलेल्यांना त्यांच्या क्रेओल भाषेत ‘मून आन्देयो’ म्हणतात. बाहेरची माणसं. स्वतःच्याच देशात बाहेरची. कित्येक वर्षं खेड्यात जन्मलेल्याच्या जन्मदाखल्यावर ‘शेतकरी’ असा वेगळा शिक्का असायचा, म्हणजे शहरात गेला तरी कागद त्याला बाहेरचाच म्हणणार. आपल्या भाषेत याला फार जुना शब्द आहे: गावकुसाबाहेरचा. फरक एवढाच की त्यांचं कूस शहराभोवती होतं आणि आपलं प्रत्येक गावाभोवती.

12 जानेवारी 2010 ला तिथं भूकंप झाला. राजधानी कोसळली. आणि मग उलटं घडलं. सुमारे सहा लाख लोक शहर सोडून खेड्यांकडं गेले. ज्यांना शहरानं बाहेरचं म्हटलं होतं त्यांच्याच दारात. त्या बाहेरच्यांनी त्यांना आत घेतलं, घरातलं बियाणं शिजवून खाऊ घातलं. जे शहरात थांबले त्यांतले हजारो उत्तरेच्या उजाड माळावर गेले, दोरी धरून प्लॉट पाडले, चुन्यानं रस्ते आखले. सरकारचा नकाशा नव्हता, नळ नव्हता, दिवा नव्हता. वस्तीचं नाव मात्र ठेवलं कनान. बायबलमधली, देवानं कबूल केलेली भूमी.

पुस्तक मिटलं, कारण हे जालन्यालाही घडलेलं होतं. एकोणिसाव्या शतकात रेव्हरंड नारायण शेषाद्री यांनी जालन्याजवळ निजाम सरकारकडून मिळालेल्या जमिनीवर एक नवं गाव वसवलं. स्वतः ब्राह्मण घरात जन्मून ख्रिस्ती झालेला हा माणूस. गाव वसवलं ते प्रामुख्यानं मांग समाजातून आलेल्या ख्रिस्ती कुटुंबांसाठी. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या गावकुसाच्या आत घर नव्हतं, त्यांना अख्खं गावच मिळालं, ज्याला कूस नव्हतं. नाव ठेवलं बेथेल. देवाचं घर. हैतीतल्या माळावरचा माणूस आणि जालन्याच्या माळावरचा माणूस, दोघांनीही पत्त्यासाठी एकाच पुस्तकात हात घातला. ज्याला जगातल्या कुठल्याच कागदावर जागा नसते, तो आधी नाव शोधतो. प्लॉट नंबर मागून येतो.

आणि मग आण्णा आठवले. एप्रिल 2020. पुण्यातल्या आमच्या आंबेगावच्या फ्लॅटमध्ये आम्ही चौघं कोंडलेले. डाळ-तांदूळ होते, पगार चालू होता, कसलीच ददात नव्हती. एका रात्री आण्णा उठून बसले आणि म्हणाले, “चल, गावाकडं जाऊ.” मी म्हटलं, कुठल्या गावाकडं? आपलं गाव तर धरणात गेलंय. ते काही बोलले नाहीत. सकाळी मात्र पिशवीत दोन धोतरं आणि चष्म्याची डबी घातलेली दिसली. ती पिशवी जून उजाडेपर्यंत दाराशी होती.

अकराव्या वर्षी आलेला माणूस. पर्वतीच्या डोंगरउतारावरच्या वस्तीत वाढलेला, पुण्याच्या कारखान्यात घासलेला, पुण्यातच मुलं वाढवलेला. संकट आलं तेव्हा त्याचे पाय पाण्याखाली गेलेल्या गावाकडं वळले. त्या वीस जणांचेही उमरिया-शहडोलकडं वळले. माणूस सुखात कुठं राहतो हे रेशनकार्ड सांगेल. पण तो कुठला आहे, हे त्याचे पाय ज्या दिवशी स्वतःहून चालू लागतात त्या दिवशी कळतं. आणि कुठलं शहर माणसाचं झालं नाही, तेही त्याच दिवशी कळतं.

*

परतूरला उतरून टमटमनं गावी गेलो. ‘गावी’ म्हणालो, पण ते निम्न दुधना प्रकल्पातलं पुनर्वसित गाव. मी कॉलेजात असताना जुनं गाव उठलं. धरणाची भिंत तिकडं परभणी जिल्ह्यात, सेलूजवळ. पाणी मागं सरकत इकडच्या काही गावांपर्यंत आलं. नवं गाव माळावर आहे. रस्ते सरळ, आडवे-उभे, शहरातल्या ले-आउटसारखे. 1993 च्या 30 सप्टेंबरच्या भूकंपानंतर किल्लारीच्या बाजूला 52 गावं नव्या जागी हलवली, तीही अशीच दिसतात. पत्ता विचारला की जुन्या गावात ‘वेशीपासून तिसरं, लिंबाच्या खाली’ असं उत्तर मिळायचं म्हणे. आता ‘प्लॉट 41’ असं मिळतं. मारुती मात्र आधी हलवला होता. त्याला प्लॉट नंबर नाही.

गाव निम्मं बंद होतं. दारांना कुलपं, काही ठिकाणी पायरीवर वाळलेली तुळस. उसाच्या टोळ्या दिवाळी झाली की निघतात. मुकादमाकडून उचल घेतलेली असते. नवरा-बायको मिळून एक कोयता, आणि हिशेब कोयत्याचा, माणसाचा नाही. मार्च-एप्रिलपर्यंत गावात म्हातारी माणसं राहतात आणि त्यांच्यापाशी ठेवलेली शाळकरी पोरं. पाटाचं पाणी ज्यांच्या रानाला पोचलं ते थांबले. ज्यांची जमीन धरणात गेली आणि हातात रक्कम आली, तिची दोन वर्षांत लग्नं झाली आणि तिसऱ्या वर्षी कोयता आला. धरणानं ज्याचं रान घेतलं तोच माणूस दुसऱ्याच्या धरणावर पिकलेला ऊस तोडायला जातो, हे तात्यांनी अगदी सहज सांगितलं, हवापाण्याबद्दल बोलावं तसं.

शाळेत मुख्याध्यापकांनी चांगली वागणूक दिली. जुनी रजिस्टरं कपाटाच्या तळात होती. गाव हलताना ट्रॅक्टरवर घालून आणलेली. कडा वाळवीनं खाल्लेल्या, पण मधला मजकूर शाबूत. जनरल रजिस्टर, निर्गम उतारा द्यायचा म्हणजे हेच बघायचं. त्यांनी बोट फिरवत आण्णांचं नाव काढलं. जन्मस्थळ: तालुका परतूर, जिल्हा परभणी.

“इथं अडचण येईल,” ते म्हणाले. “अर्जात जिल्हा जालना, आणि इथं परभणी.”

मग आम्ही दोघांनी बसून हिशेब केला. जालना जिल्हा झाला 1 मे 1981 ला. औरंगाबाद जिल्ह्यातले तालुके आणि परभणीतला परतूर मिळून. त्याआधी 1 मे 1960 ला महाराष्ट्र. त्याआधी 1 नोव्हेंबर 1956 ला द्विभाषिक मुंबई राज्य. त्याआधी हैदराबाद राज्य. आणि 17 सप्टेंबर 1948 च्या आधी तर आजोबा भारताचे नागरिकच नव्हते, निजामाची रयत होते. त्यांच्या वेळचा दाखला निघाला असता तर उर्दूत निघाला असता. आजोबांनी आयुष्यभर गाव सोडलं नाही. गावानंच त्यांना चार राज्यं आणि दोन जिल्हे फिरवून आणलं, आणि शेवटी स्वतःच जागा सोडली.

“काळजी नका करू,” मुख्याध्यापक म्हणाले, “शेऱ्यात ‘हल्ली जिल्हा जालना’ असं लिहून देतो.”

हल्ली. गावालासुद्धा हल्ली मुक्काम असतो, हे तेव्हा कळलं.

मी उतारा पुढं वाचला. इयत्ता पाचवी. शाळा सोडल्याचा दिनांक 1973 मधला. त्याच्या पुढच्या रकान्यात, शाळा सोडल्याचे कारण: सतत गैरहजर.

बहात्तरचा दुष्काळ घरात इतक्या वेळा ऐकला होता की तो मला तोंडपाठ होता. आजोबा आणि आजी खडी फोडायला जायचे, वि. स. पागे यांच्या कल्पनेतून निघालेली रोजगार हमी तेव्हा नुकती राज्यभर पोचलेली, तिचा कायदा व्हायला अजून वेळ होता. लाल मिलो ज्वारी, तिच्या भाकरीला न येणारा पापुद्रा. पोरांना मिळणारी सुकडी. गाळात गेलेली विहीर. मग एके दिवशी आण्णांचे मामा पुण्याहून आले आणि त्यांना घेऊन गेले, कारण गेल्यानं इथं एक तोंड कमी होणार होतं आणि राहून एक हात वाढणार नव्हता. अकरा वर्षांचा मुलगा एसटीच्या टपावर बसून गेला. शाळेनं काही दिवस वाट पाहिली असेल, हजेरीत रोज त्याच्या नावापुढं खाडा मांडला असेल, आणि मग कधीतरी नाव कमी केलं. मास्तरांची चूक नव्हती. त्या रकान्यात दुष्काळ लिहायची सोय नव्हती. पाऊस पडला नाही हे पावसाच्या नावावर पडायला हवं होतं. ते पडलं पाचवीतल्या पोराच्या.

“आणखी अशी नावं आहेत का?” मी विचारलं. मुख्याध्यापकांनी पान माझ्याकडं वळवलं. त्या वर्षीच्या पानावर एकाखाली एक तेच दोन शब्द होते. खालच्या काही नावांना तर पुरतं लिहायचाही कंटाळा केलेला, नुसती दोन टिंबं दिलेली.

*

रात्री तात्यांकडं जेवलो. बाजरीची भाकरी, ठेचा, तुरीच्या ओल्या शेंगांची आमटी. काकूंनी विचारलं, “पुण्यात ह्या शेंगा मिळत्यात का रं?” मिळतात म्हटलं तर त्यांना आवडलं नाही, म्हणून म्हटलं, अशा नाही मिळत.

हात धुवायला उठलो तेव्हा देवळीशेजारच्या खिळ्याकडं लक्ष गेलं. त्यावर चाब्या लटकलेल्या होत्या. वीसेक तरी. प्रत्येकीला वेगळी चिंधी बांधलेली, लुगड्याचा काठ, शर्टाची बाही, एकीला तर पोराच्या पायातला काळा दोरा.

“गावाच्या हायेत,” तात्या म्हणाले. “तोडीला गेलेल्यांच्या.”

“तुमच्याकडं काहून?”

“मंग कोनाकडं ठिवतेत? म्या कुठं जात न्हाई.” मग थांबून म्हणाले, “अमावस्या-पुनवेला काकू दारं उघडून झाडून येती. घर बंद ठिवलं की घर पडतंय. झाडलेलं आसलं की माणूस आल्यासारखं दिसतंय.”

मला सिवानचा माणूस आठवला. लेकिन झाड़ू मारा था. मी त्यालाही तात्यांना विचारलं तसंच विचारायला हवं होतं. आपलं वाटतं का, असं नव्हे. चाबी कुणाकडं ठेवता, असं. कारण नागरिकत्व म्हणून जे काही म्हणतात त्याचं एक टोक दिल्लीच्या राज्यघटनेत आहे. देशात कुठंही राहण्याचा, स्थायिक होण्याचा हक्क तिच्या एकोणिसाव्या कलमात लिहिलेला आहे, आणि तो उमरियाच्या माणसालाही होता. पण त्याचं दुसरं टोक कुणाच्या तरी घरातल्या खिळ्यावर असतं. पहिलं टोक होतं म्हणून ती वीस माणसं जालन्यात येऊ शकली. त्या मे महिन्यात त्यांना थांबवून ठेवेल असं दुसरं टोक जालन्यात त्यांना सापडलं नाही. सळई तर त्यांच्या हातची होतीच. खिळा नव्हता.

तात्या खिळ्यावरच्या चाब्या बोटांनी सारत होते, मोजत असावेत. मी विचारलं, “आमच्या आण्णांची होती का कधी इथं?”

“त्याची कशाला?” ते म्हणाले. “त्यो गेला तवा त्याला घरच नव्हतं. पोरगं व्हतं त्ये. पोराची चाबी आसती का?”

सकाळी तलाठ्याकडं अर्ज द्यायचा होता. निघण्याआधी ओट्यावर बसून उरलेले रकाने भरले. मयताचे नाव, वारसाचे नाव, मयताशी नाते. मग माझं ‘रा.’ तिथं मी प्लॉट 41 चा पत्ता लिहिला. तात्यांनी वरून वाकून पाहिलं आणि काही म्हणाले नाहीत, म्हणजे बरोबर होतं. ‘ह. मु.’ च्या पुढं पुणे लिहिलं. पेन खिशात ठेवायला गेलो तर हाताला फ्लॅटची किल्ली लागली. दोन दिवसांसाठी घर बंद करून आलो होतो, बायको-मुलगी माहेरी. त्या मजल्यावर आणखी पाच दारं आहेत. नऊ वर्षं तिथं राहतोय. निघताना त्यांतलं एकही दार वाजवावं, असं माझ्या मनात आलं नव्हतं.